न मोजायचा दिवस

तारीखकाकांनी बदलल्याशिवाय आमच्या पेठेत दिवस बदलत नसे. हे मी म्हणत नाही, ते स्वतः म्हणत. ते पेठेतल्या टपाल कचेरीत शिक्क्याच्या टेबलावर होते. रोज सकाळी सगळ्यांच्या आधी जाऊन ते ठशांच्या पेटीचं कुलूप काढत, शिक्क्यातला कालच्या तारखेचा ठसा चिमट्याने उपसत, आजचा बसवत आणि रद्दी कागदावर एकदा मारून बघत. मग चष्मा कपाळावर चढवून म्हणत, "चला, उजाडलं." गिरण्यांचे भोंगे तोवर कधीच वाजून गेलेले असत आणि निम्मं गाव कामाला लागलेलं असे. काकांच्या मते ही मंडळी तोवर कालच्याच दिवसात काम करत असत.

माझं लग्न होऊन मी करकंबहून सोलापुरात आले तेव्हा आमचे हे त्याच कचेरीत नवे कारकून होते. आमच्या दोन खोल्या आणि काकांच्या दोन खोल्या यांच्यामध्ये एकच भिंत, तीही पातळ. शेजार चांगला मिळाला असं सगळे म्हणाले, आणि तो चांगलाच होता. पण पहिल्याच आठवड्यात मी काकूंकडे मिरच्या कांडायला घेऊन गेले, तर काका दारातूनच म्हणाले, "आज नको. आज करंगळवार आहे." मी मुकाट्याने परत आले. करकंबला आमचे दिवस उसाच्या गाड्यांवरून आणि बाजारावरून कळत, तेव्हा शहरात एखादा वार जास्त असेल, असं मला खरंच वाटलं. दुपारी काकू हसत हसत आल्या. "अगं, तो त्यांच्या आचेनाडातला वार की. आण तुझ्या मिरच्या."

आचेनाड म्हणजे काय ते मला हळूहळू समजलं. काका मूळचे मैंदर्गीचे. तिथे घरात मराठी आणि दारात कानडी. कानडीत आचे म्हणजे पलीकडे आणि नाड म्हणजे मुलूख. मैंदर्गीच्या तळ्यापलीकडे एक राज्य आहे, असं काका आणि त्यांचे थोरले भाऊ अण्णा यांनी लहानपणी ठरवलं होतं. पोरं राज्य ठरवतात तेव्हा आधी राजा ठरवतात, मग तलवारी आणि घोडे. या दोघांनी आधी पंचांग ठरवलं. त्यांचे वडील पाडव्याला घरोघर जाऊन पंचांग वाचून दाखवत. वर्षाचं भविष्य सांगणारा माणूस राजापेक्षा मोठा, अशी मुलांची समजूत असणार.

त्या पंचांगात आठवडा पाच दिवसांचा, कारण हाताला बोटं पाच. आंगठवारी सुरू होऊन करंगळवारी संपायचा. करंगळी कसल्याच कामाची नाही म्हणून त्या दिवशी सुट्टी. महिने मात्र दिवसांवर मोजायचे नाहीत. ज्या गोष्टीचं नाव महिन्याला दिलं ती संपली की महिना संपला. पहिला महिना हुरडा. मग खळं, मग फुफाटा, मग वळीव, पेरा, शेंग असे पुढे. काका पन्नाशीला आले तरी हे सगळं तोंडी चालवत होते, कागदावर एक अक्षर नव्हतं. बाजारातून येऊन पिशवी ठेवता ठेवता सांगत, "गाडीवर ओल्या शेंगा दिसल्या नाहीत. शेंग महिना आज संपला." एकदा उन्हाळा फार लांबला तेव्हा मी विचारलं, "काका, तुमचा फुफाटा कधी संपायचा?" ते म्हणाले, "सोलापूर आचेनाडात असतं तर तिथे वर्षाला एकच महिना ठेवला असता."

तिथे चंद्र दोन होते. थोरला चंद्र अण्णांचा. तो नेमाने वाढायचा आणि नेमाने घटायचा. धाकटा काकांचा, तो मनाला येईल तेव्हा उगवायचा. यावरून दोघा भावांची मारामारी झाली होती. अण्णांचं म्हणणं, असा चंद्र चालणार नाही, कुणाला उपासच सोडता येणार नाही. काकांचं म्हणणं, माझ्या चंद्राला कुणी उपास धरूच नये. शेवटी असं ठरलं की दोघांनी आपापला चंद्र सांभाळावा, आणि दोन्ही चंद्र एका दिवशी पूर्ण झाले तर त्या दिवशी पुरणपोळी करावी. हे सांगताना काकांचा आवाज कचेरीत बोलतात तसा असे. आपण गंमत सांगतोय असा भाव चेहऱ्यावर कधी दिसला नाही.

या सगळ्यात एक नियम त्यांच्या आईचा होता. दोघं भांडून दोन कोपऱ्यांत बसले की ती एकाच ताटात दूधभाकरी कुस्करायची, दोघांना ताटाच्या दोन बाजूंना बसवायची आणि म्हणायची, "हा दिवस मोजायचा नाही." मुलांनी तो पंचांगात घेतला. न मोजायच्या दिवसाला वार नाही आणि महिना नाही. तो पुकारला की ज्याला बोलावलं त्याने यायचं, एका ताटात जेवायचं, आणि त्या दिवशी जे बोलणं होईल ते पुन्हा कधी काढायचं नाही. दुसऱ्या दिवशी भांडण जिथे थांबलं होतं तिथून सुरू करायला कुणाची हरकत नव्हती.

हे ऐकून मला वाटलं होतं की भावाभावांचं काय गूळपीठ असेल. ते काही खरं नव्हतं. मी सोलापुरात आले तेव्हा काका आणि अण्णा एकमेकांशी बोलत नव्हते, आणि त्याला बरीच वर्षं झाली होती. कारण ऐकल्यावर मी हसले, आणि काकूंनी मला हसू दिलं.

आई वारली ते साल अधिक महिन्याचं होतं. तेव्हा गावोगाव जुनं पंचांग आणि नवं पंचांग असा वाद होता. अण्णांकडे जुनं, कारण वडिलांनी तेच वाचलं. काका सोलापुरात येऊन नव्याचे झालेले. "आकाशात दिसतं ते खरं," असं ते म्हणत. त्या साली जुन्या पंचांगाने भाद्रपद दोन धरले आणि नव्याने आश्विन दोन धरले. आई नेमकी मधल्या महिन्यात गेली. तो महिना जुन्याच्या हिशेबाने भाद्रपद आणि नव्याच्या हिशेबाने आश्विन. तिथी शुद्ध त्रयोदशी, तिच्याबद्दल कुणाचं दुमत नव्हतं. पण वर्षश्राद्ध घालायचं ते कुठल्या महिन्यात? अण्णा म्हणाले भाद्रपद, काका म्हणाले आश्विन. अण्णा म्हणाले, तू आईला महिनाभर उपाशी ठेवतोस. काका म्हणाले, तू तिला भूक लागायच्या आधी उठवतोस. दोघंही पंचांग वाचणाऱ्याची पोरं. माघार घ्यायची म्हणजे आईच्या मरणाचा दिवस चुकला असं कबूल करायचं, आणि ते दोघांकडूनही होईना.

तेव्हापासून दरवर्षी भाद्रपद लागला की मैंदर्गीहून कार्ड यायचं, मातोश्रींचं श्राद्ध अमुक दिवशी, सहकुटुंब येणे. त्यावर पोहोचल्याचा शिक्का काकाच मारायचे, जरा जोरातच मारायचे, आणि जायचे नाहीत. मग आश्विनात काकांचं कार्ड जायचं, तोच मजकूर. अण्णा यायचे नाहीत. एकाही वर्षी दोघांपैकी कुणी कार्ड चुकवलं नाही. काकू आश्विनात वडे तळता तळता म्हणायच्या, "सासूबाई हयातीत एका वेळी अर्धी भाकरी खायच्या. आता बघ, दोन महिने लागोपाठ पक्वान्नं."

काकूंनीच मला पुढचं सांगितलं. काकांना समेट नको होता असं नाही. ते एका हाकेची वाट बघत होते. न मोजायचा दिवस आई पुकारायची. आई गेल्यावर तो कुणी पुकारायचा हे राज्यात ठरलेलं नव्हतं. काकांच्या मते तो मान थोरल्याचा. "धाकट्याने पुकारायचा नसतो," एवढंच ते म्हणत, आणि विषय बदलत. अण्णांना हे कसं कळावं, असं मी विचारलं. काकू म्हणाल्या, "तेच की गं. हे सांगणार नाहीत आणि ते विचारणार नाहीत. एका आईची दोघं."

मग एका वर्षी भाद्रपदात कार्ड आलं नाही. आमचे हे सांगत, मैंदर्गीची थैली उघडली की काका स्वतः एकेक पत्र चाळत. त्रयोदशी आली आणि गेली. काकांनी आश्विनाचं कार्ड लिहायला घेतलं तेही तसंच राहिलं. शेवटी अक्कलकोटच्या कुणाकडून कळलं की अण्णा अंथरुणाला खिळलेत, लिहिता येत नाही. काकू म्हणाल्या, उद्याच जाऊन या. काका म्हणाले, "कुठल्या तोंडाने जाऊ? श्राद्धाला नाही गेलो आणि आता तो पडल्यावर जाऊ?" त्या दिवशी मला काकांचा भयंकर राग आला. भिंत पातळ होती, त्यामुळे मी भांडीही जरा आपटूनच घासली.

त्यानंतरच्या बाजारच्या दिवशी कचेरीच्या खिडकीशी बिरू नावाचा धनगर येऊन उभा राहिला. तो मैंदर्गीकडचा, घोंगड्या विकायला सोलापुरात येई. आमचे हे तिथेच होते.

"तारीखकाका म्हंत्यात ते तुमीच का?" त्याने विचारलं.

"मीच. काय टाकायचंय?"

"टाकायचं काय न्हाय. मैंदर्गीच्या अण्णांनी सांगावा धाडलाय. म्हनले, धाकट्याला सांग, ह्यो निरोप पोचला की दुसरा दिवस मोजायचा न्हाय. एवढंच बोलले. मला तर काय उमगलं न्हाय बगा. म्हातारं लई थकलंय, भ्रमात बोललं आसंल. तुमाला उमगतंय का?"

काकांच्या एका हातात पत्र होतं आणि दुसऱ्या हातात शिक्का. आमचे हे म्हणतात, तो शिक्का बराच वेळ वरच राहिला. मग काका म्हणाले, "व्हय बाबा, उमगलं." एरवी काका कधी 'व्हय' म्हणत नसत.

दुसऱ्या दिवशी ते पहाटेच्या मोटारीने अक्कलकोटला आणि तिथून गाडीने मैंदर्गीला गेले. जाताना ह्यांना सांगून गेले, आज शिक्का तू मार. ह्यांनी कचेरीत जाऊन शिक्का उचलला आणि मारायला सुरुवात केली. तारीख बघितली नाही, कारण त्या शिक्क्यावरची तारीख कधी कुणी बघत नसे, काका असताना बघायचं कारणच नव्हतं. दुपारी पोस्टमास्तरांच्या हाती त्यांचंच एक पाकीट आलं तेव्हा कळलं की सकाळपासून पेठेतली सगळी पत्रं कालच्या तारखेने गेली. आजचा ठसा काढावा म्हटलं तर पेटीला कुलूप, आणि किल्ली काकांच्या कोटाच्या खिशात, मैंदर्गीत. कुलूप तोडून तारीख बदलेपर्यंत दिवस कलला होता. आमच्या पेठेत तो दिवस निम्म्याहून अधिक मोजला गेलाच नाही.

काकांकडे लेखी खुलासा मागितला गेला. त्यांनी लिहून दिलं की तारीख बदलायची राहून गेली, दोष सर्वस्वी माझा. वरून कडक ताकीद आली. इतक्या वर्षांच्या नोकरीत पहिलीच. मी त्यांना सरळ विचारलं, "काका, विसरलात की मुद्दाम?" ते चष्मा पुसत राहिले आणि म्हणाले, "विसरलो." काकू आतून म्हणाल्या, "हे आणि विसरणार!"

मैंदर्गीत काय बोलणं झालं ते मला माहीत नाही. काकूंनाही माहीत नव्हतं, कारण नियमच तसा. पुढच्या बाजाराला बिरू आला तेव्हा त्याने ह्यांना आपण होऊन सांगितलं, "दोगंबी एका ताटात जेवत हुते. अण्णांचा हात थरथरत हुता, तर काका भाकरी कुस्करून देत हुते. बोलताना काय दिसले न्हाईत जास्ती." एवढीच काय ती बातमी.

यानंतर सगळं गोड झालं असं कुणाला वाटेल. तसं काही झालं नाही. अण्णा बरे झाले आणि पुढच्या भाद्रपदात कार्ड हजर. काकांनी शिक्का मारला, गेले नाहीत. आश्विनात काकांचं कार्ड गेलं, अण्णा आले नाहीत. भांडण जिथे थांबलं होतं तिथूनच पुढे चालू झालं. फरक इतकाच की वर्षातून एकदा, केव्हाही, बिरू खिडकीशी येऊन म्हणायचा, "काका, उद्याचा दिवस मोजायचा न्हाय." आणि काका जायचे. जाताना पेटीची किल्ली आठवणीने ह्यांच्या हातात ठेवायचे. "आपला दिवस न मोजला तरी चालतो," ते म्हणत, "सरकारचा मोजावा लागतो."

अण्णा गेले ते उन्हाळ्यात, फुफाटा महिन्यात. त्या दिवशीची तिथी आणि महिना दोन्ही पंचांगांत एकच होते. काका दिवसकार्य आटोपून परत आले आणि दुसऱ्या सकाळी वेळेवर शिक्क्याच्या टेबलावर बसले. "चला, उजाडलं," हे मात्र पुढे बरेच दिवस म्हणाले नाहीत. बिरू बाजाराला आला की खिडकीशी थांबायचा. काका मान वर करून बघायचे, तो म्हणायचा, "काय न्हाय काका, सहज आलतो," आणि जायचा.

भाद्रपद आला. कार्ड आलं नाही, आणि कोण पाठवणार होतं म्हणा. त्रयोदशीच्या आधल्या दिवशी काका काकूंना म्हणाले, "सामान बांध. मैंदर्गीला जाऊ. यापुढे आईचं श्राद्ध अण्णाच्या महिन्यात." ज्या माणसाने एका महिन्यापायी सख्ख्या भावाशी अबोला धरला, तो आपला महिना आपण होऊन सोडत होता. काकूंनी गवार, आमसुलं, तांदूळ सगळं बरोबर घेतलं.

पुढचं काकूंनी परत आल्यावर मला सांगितलं.

दोघं सकाळी मैंदर्गीच्या घरी पोचले, तर अंगण रोजच्यासारखं. ब्राह्मणांना आमंत्रण नाही, सोवळं नाही, चुलीवर नुसतं आंघोळीचं पाणी. अण्णांचा मुलगा बाहेर आला. काकांना वाटलं, पोरगं विसरलं. ते म्हणाले, "अरे, आज त्रयोदशी. आजीचं श्राद्ध."

पुतण्या म्हणाला, "काका, आजीचं आश्विनात करायचं. अण्णांनी जाताना शपथ घातलीय. म्हणाले, मी गेल्यावर माझं पंचांग मिटव, आईला धाकट्याच्या महिन्यात जेवू घाल. आम्ही आश्विनात सोलापूरला यायचं ठरवलंय."

काका ओट्यावर बसले. काकू म्हणाल्या, आधी ते हसले. खूप हसले. म्हणाले, "बघ, मेल्यावरसुद्धा माझ्याशी जमवून घेत नाही." आणि मग रडले. लग्न झाल्यापासून काकूंनी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं, आई गेली तेव्हाही नाही.

थोड्या वेळाने पुतण्याची बायको बाहेर आली. शहाणी मुलगी. ती कुणाला काही विचारायला थांबली नाही. म्हणाली, "काकूंनी सामान आणलंय, चूल पेटलेलीच आहे. मी अंघोळ करून येते." त्या दुपारी मैंदर्गीत भाद्रपदातलं श्राद्ध झालं. महिन्याभराने पुतण्या आणि सूनबाई सोलापुरात आले आणि आश्विनातलंही झालं. वडे तळायला मी काकूंच्या मदतीला होते, पातळ भिंतीचा तेवढा हक्क मला होता. जेवणं झाल्यावर पुतण्याने विचारलं, "काका, मग पुढच्या वर्षी कुठला महिना धरायचा?"

"दोन्ही," काका म्हणाले. "जेवू दे तिला दोनदा. आता पंगत तरी एकच आहे."

त्यानंतर वर्षाभरात ह्यांची कुर्डुवाडीला बदली झाली. शिक्क्याचं टेबल, पातळ भिंत, काकूंच्या मिरच्या, सगळं सुटलं. निघायच्या सकाळी सामान टांग्यात चढलं होतं आणि मी काकूंच्या गळ्यात पडून रडत होते. माझ्यासारख्या बाईला हे शोभत नाही, पण रडत होते. काका कचेरीतून मुद्दाम आले होते. त्यांनी ह्यांच्या पाठीवर हात ठेवला, माझ्याकडे बघितलं आणि नेहमीच्या कचेरीतल्या आवाजात म्हणाले, "आजचा दिवस मोजायचा नाही."

धाकट्याने पुकारायचा नसतो, हा त्यांचाच नियम. पण थोरलं असं आता त्यांच्यावर कुणी उरलं नव्हतं. मग काकूंनी आतून एक ताट आणलं. त्यात दूधभाकरी कुस्करलेली होती. टांगेवाला ओरडत असताना आम्ही चौघांनी ती उभ्या उभ्या खाल्ली.

सोलापूर सोडून किती वर्षं झाली असं कुणी विचारलं तर मी सांगते. पण आम्ही सोलापूर कुठल्या दिवशी सोडलं ते मला अजून सांगता येत नाही.